तमिळ सिनेमाला रंग सेलमने दिला

आमचं मूळ गाव विट्याजवळचं, पण वडिलांचं गलाईचं, म्हणजे सोनं-चांदी गाळण्याचं दुकान तमिळनाडूतल्या सेलमला, शेवापेठेत. त्यामुळे मी लहानाची मोठी झाले ती तमिळ सिनेमे बघत. तमिळ सिनेमा म्हटलं की सगळे मद्रासचं नाव घेतात, तेव्हा मला राहवत नाही. पहिला पूर्ण रंगीत तमिळ चित्रपट आमच्या सेलममध्ये तयार झाला!

यरकाड घाटाच्या रस्त्याला मॉडर्न थिएटर्सची कमान आजही उभी आहे. आतला स्टुडिओ गेला, तिथे घरं झाली. टी. आर. सुंदरम यांनी तो एखाद्या गिरणीच्या शिस्तीने चालवला. तिथूनच 1956 च्या पोंगलला ‘अलिबाबावुम 40 तिरुडर्गळुम’, म्हणजे ‘अलिबाबा आणि चाळीस चोर’, आला. नायक एमजीआर, नायिका भानुमती आणि बेल्जियमची गेवाकलर ही रंगीत फिल्म. आमच्या घरमालकीण पाट्टींनी (आजींनी) तो लहानपणी पाहिला होता. गोष्ट त्या विसरल्या होत्या, भानुमतीचे कपडे मात्र सांगत बसायच्या. पुढे 1961 मध्ये मल्याळममधला पहिला रंगीत चित्रपटही याच सुंदरम यांनी काढला.

रंग महाग होता, म्हणून तो जपून वापरला जाई. 1958 च्या ‘नाडोडी मन्नन’मध्ये एमजीआरने पूर्वार्ध कृष्णधवल ठेवला आणि उत्तरार्ध रंगीत केला. ‘वीरपांडिय कट्टबोम्मन’च्या टेक्निकलर प्रती लंडनहून आल्या. हे सगळे राजेरजवाड्यांचे, तलवारींचे, दागदागिन्यांचे चित्रपट. साध्या घरातली माणसं बहुतेक काळ्यापांढऱ्यातच राहिली.

म्हणून मला 1964 चं वर्ष फार मोलाचं वाटतं. दिग्दर्शक श्रीधर यांनी ‘कादलिक्क नेरमिल्लै’ ईस्टमनकलरमध्ये, म्हणजे रंगीत केला. राजा नाही, गुहा नाही. प्रेमात पडलेली आजची पोरं आणि विनोदी नट नागेशची ती धमाल. व्हिन्सेंट यांच्या कॅमेऱ्यात ऊन, मोटार, साधी साडी, सगळं रंगात दिसलं. सेलमचा अभिमान कितीही असला तरी रंग सामान्य माणसापर्यंत पोचला तो इथे, असं मी ठामपणे म्हणेन.

तरीही कृष्णधवल लगेच संपलं नाही. दिग्दर्शक बालचंदर यांचा 1975 चा ‘अपूर्व रागंगळ’ कृष्णधवलच आहे. त्यात फाटक उघडून आत येणारा नवा नट म्हणजे शिवाजीराव गायकवाड, आपला रजनीकांत. आमच्या गलाईवाल्यांच्या घरांत त्याचं कौतुक काय वर्णावं!