भात्यावरचा हात

गेली बावीस वर्षं मी आमच्या भजनी मंडळात पेटी वाजवते. खरं सांगायचं तर उजवा हात वाजवतो, डावा नुसता भाता मारतो. जूनमध्ये मुलगी बंगळुरूला गेली आणि तिचा अठ्ठ्याऐंशी पट्ट्यांचा डिजिटल पियानो माझ्या गळ्यात पडला. पडूनच राहणार, तर शिकू या म्हटलं. पेटी येते, अर्धं काम झालंय, असा माझा समज.

शिकवणारी मुलगी पलीकडच्या सोसायटीतली, माझ्या लेकीपेक्षाही लहान. ती मला काकू म्हणते, मी तिला "अगं टीचर". पहिल्याच दिवशी तिने मधली पट्टी दाखवली, "काकू, हा मिडल सी. सगळं इथून सुरू होतं." म्हणजे पेटीच्या भाषेत पांढरी एक. ती का मला नवीन? पण आमच्या बायका गातात काळी चारमध्ये, म्हणजे त्यांचा सा काळी चारवर, आणि त्या पट्टीत पांढरी एक म्हणजे गंधार, तिसरा सूर! ती म्हणते हे घर, माझी बोटं म्हणतात हा तिसरा मजला. सा रे ग म्हटलं की हात आपसूक काळी चार, काळी पाच करत निघायचा. दोन आठवडे यातच गेले.

मग तिने बेथोव्हेनच्या नवव्या सिंफनीतली ती प्रसिद्ध चाल दिली. १८२४ सालची. ग ग म प, प म ग रे, सा सा रे ग, ग रे रे. पाच सूर, पाच बोटं, हात जागचा हलवायचाही नाही. उजव्या हाताने दहा मिनिटांत बसवली. डाव्याला काम काय, तर करंगळीने खालचा सा दाबायचा आणि चार मात्रा धरून ठेवायचा. बस्स. तर दुसऱ्या ओळीला टीचर खुदकन हसली. पाहते तो माझा डावा तळवा पट्ट्या सोडून हवेत, पुढे-मागे, अगदी ठेक्यात. "काकू, भाता नाहीये इथे!"

धरलेला सा हीसुद्धा एक फसवणूकच. पेटीवर पट्टी दाबून भाता चालू ठेवला की सूर हवा तेवढा उभा राहतो. इथे तो वाजल्या क्षणापासून विरायला लागतो. तिसऱ्या मात्रेला मी पट्टी आणखी जोरात रेटायची, की आता तरी भरेल. शेवटी टीचरने तिच्याकडच्या जुन्या, उभ्या पियानोचं झाकण उघडून दाखवलं. मऊ गादी लावलेली लाकडी हातोडी तारेवर आपटते आणि लगेच मागे पडते. त्यानंतर पट्टी कितीही दाबा, तारेला पत्ताच नाही. बोट उचललं की दुसरी एक गादी तारेवर बसते आणि आवाज बंद. मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर अलगद घसरत जाणं, निघत नाही वगैरे दोष काढून आकाशवाणीने १९४० ते १९७१ पेटीला दाराबाहेर ठेवलं होतं. इथे तर मींड नाही ती नाहीच, वर सूरही टिकत नाही. पेटीची बाजू घेतेय मी, कळतंय मला.

एक मात्र कबूल. पेटीत लहान-मोठा आवाज भाता ठरवतो, सगळ्या सुरांना एकच माप. इथे प्रत्येक बोटाचा हिशेब वेगळा. माझा अंगठा दार ठोठावल्यासारखा वाजतो आणि करंगळी लाजते. ओट्यावर भाजी शिजत असताना आता मी करंगळीच आपटत बसते. (हेडफोन लावून वाजवलं तरी पट्ट्यांची धपधप खाली ऐकू जाते, हे खालच्या वहिनींनी लिफ्टमध्ये गोड शब्दांत कळवलं. पियानोखाली जुनी सतरंजी घातलीये.)

चौथ्या महिन्यात दोन्ही हात एकदाचे जुळले. चाल अख्खी वाजली, न अडखळता. त्याच गुरुवारी मंडळात गजर रंगात आला होता, टाळ टिपेला पोचले होते, आणि समेवर माझा डावा हात भाता सोडून थेट पट्टीवर उतरला, करंगळीने खालचा सा धरायला. दोन मात्रा पेटी कण्हली आणि गप्प झाली. बायका तशाच गात राहिल्या. शेजारच्या टाळकरीणबाईंनी मला कोपराने ढोसलं, "अहो वहिनी, भाता!"