एकच डबा, दोन ठिकाणी

मी शिकागोजवळ एका मालवाहतूक दलालाकडे रेल्वेचं टेबल सांभाळतो. बाबा मनमाडला मालगाडीचे गार्ड होते, त्यांना माझं काम अजून पटलेलं नाही. ‘अरे, आमची वाघीण हावड्यापर्यंत जायची तरी मालक एकच. तुम्ही मध्येच माल उतरवता कशाला?’ (वाघीण म्हणजे मालगाडीची वॅगन.)

कारण अमेरिकेत कुठल्याच कंपनीचे रूळ या किनाऱ्यापासून त्या किनाऱ्यापर्यंत जात नाहीत. पश्चिमेला बीएनएसएफ आणि युनियन पॅसिफिक, पूर्वेला सीएसएक्स आणि नॉरफोक सदर्न. गाठ पडते ती बहुधा शिकागोत. (युनियन पॅसिफिकने नॉरफोक सदर्नशी एक व्हायचं 2025 मध्ये जाहीर केलंय. माझं टेबल उठेल तेव्हा उठेल.) तोवर बरेच कंटेनर पश्चिमेच्या यार्डात उतरतात आणि ट्रकवरून शहर ओलांडून पूर्वेच्या यार्डात जातात. याला आम्ही क्रॉसटाउन म्हणतो. ते मधले काही मैल कुठल्याच रेल्वेचे नाहीत, आमचे.

त्या दिवशी कॅलिफोर्नियाचे बदाम पेनसिल्व्हेनियाला जायचे होते. 53 फुटी डबा, 50-50 पौंडांचे खोके, सगळे मिळून 19 टन. सकाळी पावणेसातला ट्रकवाल्याचा फोन. अमृतसरकडचा माणूस, वीस वर्षं हेच करतोय. ‘पाजी, डब्बा हल्का लग रहा है.’ मी विचारलं, कागदावरचा नंबर जुळतो का? जुळत होता. ‘मग चलो,’ म्हटलं आणि दुसरा फोन घेतला.

दुसऱ्या दिवशी दुपारी पडद्यावर बघतो तर पूर्वेची कंपनी म्हणतेय, डबा टोलेडोच्या पुढे गेला. पश्चिमेची म्हणतेय, डबा शिकागोत आमच्या जमिनीवर आहे, भाडं चालू झालंय. दोन्हीकडे फोन केले. दोघंही आपापल्या कॉम्प्युटरच्या नावाने शपथ घ्यायला तयार. उठून बघून या म्हटलं तर एकही खुर्ची हलली नाही.

शेवटी मीच गाडी काढून यार्डात गेलो. चौथ्या रांगेत आमचा डबा उभा, सील शाबूत.

झालं होतं असं. आमच्या रात्रपाळीच्या पोराने ट्रकच्या कागदावर शेवटचे दोन आकडे उलटे टाइप केले, आणि नेमका त्या नंबरचा डबा त्याच यार्डात होता. डब्यावर सहा आकड्यांपुढे चौकटीत एक सातवा आकडा असतो, तो असल्याच चुका पकडण्यासाठी. पण आमच्याकडे रोजचं काम सहावरच चालतं. पूर्वेच्या गेटवर डब्याचा नंबर रेल्वेच्या बिलाशी जुळेना (त्यावर नंबर बरोबर होता), तर तिथल्या कारकुनाने हुशारी केली आणि बिलावरचाच नंबर टाकला. पुढे रुळाच्या कडेचे रीडर वाचतात तो वाघिणीवरचा टॅग. वाघिणीवर कुठला डबा बसलाय ते कॉम्प्युटर सांगेल ते खरं. म्हणून ‘बदाम’ दर तासाला अगदी वेळेवर पुढे सरकत होते. आत होते टॉयलेट पेपरचे रोल.

त्याच संध्याकाळी बदाम न्यायला तोच ट्रकवाला आला. त्याने गाडी जोडली, चार हात पुढे घेतली, थांबला आणि खिडकीतून म्हणाला, ‘अब ठीक है.’

अहवालात मी ‘रात्रपाळीची टायपिंगची चूक’ असं लिहिलं. पावणेसातच्या फोनचं लिहिलं नाही.