तुम्ही विचारलंत म्हणून: १४० कोटींत अकरा जण का सापडत नाहीत?

इचलकरंजीला आलो की लग्नकार्यात, बँकेत, अगदी दाढी करायला बसलो तरी कुणीतरी हटकून विचारतंच, की काय हो, तुमच्या त्या चीनमध्ये १४० कोटी माणसं, ऑलिम्पिकला पोत्यानं मेडल घेऊन जातात, मग फुटबॉलला धड अकरा जण सापडत नाहीत व्हय? मी कापडाच्या धंद्यामुळं वर्षातला बराच काळ चच्यांग प्रांतात, केचियाओला असतो, आणि कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर पाटाकडील-दिलबहार या तालमींच्या फुटबॉल मॅचेस बघत वाढलेला माणूस असल्यामुळं तिकडंही जमेल तिथं मॅच बघतो, म्हणून हा प्रश्न माझ्याच वाट्याला येतो. दरवेळी हसून सोडून देत होतो. आता एकदाच लिहून टाकतो, पुढच्या वेळी लिंक पाठवीन.

प्रश्न तसा रास्तच आहे म्हणा. चीन पुरुषांच्या वर्ल्डकपला एकदाच गेलाय, २००२ साली. तीन मॅचेस, तीन पराभव, नऊ गोल खाल्ले आणि घातला एकही नाही. ऑक्टोबर २०१८ मध्ये सुचौला आपली टीम त्यांच्याशी खेळली तेव्हा त्यांचा कोच इटलीला वर्ल्डकप जिंकून देणारा लिप्पी होता, आणि तरी शून्य-शून्य. आपल्यासाठी सण होता तो, त्यांच्यासाठी सुतक.

पण मला विचाराल तर पोरं सापडत नाहीत हे खरं नाही. पोरं आहेत, चिकार आहेत. सापडत नाही ती नोकरी. म्हणजे अठरा ते तीस या वयात फुटबॉलवर ज्याचं घर चालेल अशी, दर महिन्याला पगार देणारी आणि पुढच्या वर्षीही जागेवर असणारी नोकरी. हे सुपर लीग, म्हणजे तिथली सगळ्यात वरची लीग, बघून कळत नाही, त्यासाठी खालच्या दोन मजल्यांवर जावं लागतं. सुपर लीगच्या खाली 'जिया' लीग, त्याच्या खाली 'यी' लीग, आणि त्याखाली हौशी क्लबांची चॅम्पियन्स लीग.

माझ्या ओळखीचा एक लेफ्ट बॅक, म्हणजे डाव्या बाजूचा डिफेंडर, आहे. नाव लिहीत नाही, त्याला आवडणार नाही. मूळचा लिओनिंग प्रांतातला, ईशान्येकडचा. तिकडं फुटबॉलचं वेड आपल्या कोल्हापूरसारखंच, पेठांच्या ईर्षा नसतील एवढाच फरक. प्राथमिक शाळेतच याला होस्टेलवाल्या फुटबॉल शाळेत टाकला, खर्च आईबापाचा. मग प्रांताच्या युवा संघात. तिथली गंमत अशी की प्रांताच्या क्रीडा खात्याला मेडल हवं असतं ते चार वर्षांनी होणाऱ्या नॅशनल गेम्सचं, त्यामुळं सगळी तयारी त्या एका वयोगटाभोवती फिरते, आणि तुमचा जन्म एक-दोन वर्षं पुढंमागं झाला असेल तर तुम्ही कितीही चांगले असा, कुणाला फारशी गरज नसते. हा नशिबानं बरोबर वर्षी जन्मला. हिवाळ्यात खुनमिंगच्या हायगंग सेंटरला कॅम्प असायचा. साधारण १९०० मीटर उंचीवर, तळ्याकाठी. उत्तरेत जमीन गोठलेली असते म्हणून सगळे क्लब तिकडं उतरतात. तो सांगतो, त्याच्या अर्ध्या ओळखी तिथल्या मेसमधल्या आहेत आणि पुढची कामं त्याच ओळखींतून मिळाली. एजंट वगैरे वरच्या लोकांसाठी. खाली फोन येतो तो जुन्या रूममेटचा, की अरे आमच्याकडं लेफ्ट बॅकचा गुडघा गेलाय, येतोस का.

पहिली नोकरी जिया लीगमध्ये लागली. २०१७ साली चीनच्या फुटबॉल असोसिएशननं नियम काढला की सुपर लीग आणि जिया लीगमध्ये सुरुवातीच्या अकरात निदान एक तरी २३ वर्षांखालचा पाहिजे. हेतू चांगला. झालं काय, की कोच लोकांनी एक पोरगा मैदानात उतरवायचा आणि पंधरा-वीस मिनिटांत बोर्ड वर करून बाहेर काढायचा असा धंदा सुरू केला, नियम पाळला, खेळ आपला. याच काळात २३ च्या आतल्या पोरांचे भाव मात्र वर गेले आणि त्यालाही चांगलं कॉन्ट्रॅक्ट मिळालं. तिकडं बेसिक पगार कमी आणि जिंकल्यावरचा बोनस मोठा असतो, त्यामुळं बेंचवर बसून का होईना, बरे पैसे झाले. मग वयाची अट उलटली. फुटबॉलरचं वय तिथं चोविसाव्या वाढदिवसाला एका रात्रीत दहा वर्षांनी वाढतं. पुढच्या सीझनला तो यी लीगमध्ये.

यी लीगमध्ये परदेशी खेळाडूंना परवानगीच नाही, त्यामुळं ही सगळी चिनीच मंडळी. आफ्रिकेतले, ब्राझीलचे फिरस्ते स्ट्रायकर जिया लीगपर्यंतच दिसतात. आमच्या शेजारी हांगचौच्या टीमकडं झिम्बाब्वेचा न्याशा मुशेक्वी होता, त्याआधी दालिअनला, काय ताकद होती त्या माणसात, दोन डिफेंडर पाठीवर घेऊन वळायचा. गोल करायचं काम या लोकांचं, आणि चिनी पोरांनी मागं उभं राहून धावायचं. ज्या देशाला गोल करणारा सापडत नाही त्या देशात स्ट्रायकरची नोकरी बाहेरच्यांसाठी राखीव, हा माझा जुना चिडण्याचा विषय आहे, पण तो परत कधीतरी.

तर यी लीग. उत्तर गट, दक्षिण गट, प्रवास लांबचे, रेल्वे फास्ट आहे म्हणून निभतं. स्टेडियम मात्र मोठी, कारण ती बांधलेली असतात कुठल्यातरी प्रांतिक स्पर्धेसाठी. तीस हजारांच्या जागेत काहीशे माणसं बसलेली असली की कोचच्या शिव्या वरच्या रांगेपर्यंत स्वच्छ ऐकू येतात, माझं अर्धं चिनी तिथंच सुधारलं.

पगार थकायला लागतो तो इथं. पहिल्यांदा एक महिना, मग 'सीझन संपला की एकदम देऊ'. आणि सीझन संपल्यावर येतो तो कागद, ज्याच्याबद्दल बोलताना आमचा लेफ्ट बॅक अजून आवाज चढवतो. क्लबला पुढच्या वर्षीचं लायसन्स हवं तर असोसिएशनकडं एक तक्ता द्यावा लागतो, त्यावर प्रत्येक खेळाडूनं, स्टाफनं सही करायची की माझा पगार पूर्ण मिळाला. नियम खेळाडूंच्या भल्यासाठी केलेला, पण बघा आता पेच. पगार मिळालेला नसताना सही केलीत तर तुमची बाकी कागदावर संपली. नाही केलीत तर क्लबचं लायसन्स जातं, क्लब बंद होतो, आणि बाकीही जाते, पुढच्या वर्षीची नोकरीही जाते, वर ड्रेसिंग रूममधले पंचवीस-तीस जण तुमच्याकडं बघत असतात. सही कर म्हणून मालकानं धमकी द्यायची गरजच पडत नाही.

क्लब बंद होणं म्हणजे अपवाद नाही तिथं, ऋतू आहे. मे २०२० मध्ये पगार थकवल्याबद्दल एका फटक्यात ११ क्लब बाद झाले, आणखी काही स्वतःहून बाजूला झाले. त्या अकरात लिओनिंगही होता, १९९० साली आशियाचं क्लब विजेतेपद जिंकणारा पहिला चिनी क्लब, आमच्या माणसाच्या बापाचं दैवत. यानपियान, चीन-कोरिया सीमेवरचा, कोरियन वंशाच्या लोकांचा भाग, तिथं अख्खं गाव स्टेडियमवर लोटतं, तो क्लब फेब्रुवारी २०१९ मध्ये कराच्या थकबाकीपायी संपला. आणि हे फक्त गरिबांचं दुखणं आहे असं समजू नका. जिआंगसू सुनिंगनं नोव्हेंबर २०२० मध्ये सुपर लीग जिंकली आणि २८ फेब्रुवारी २०२१ ला काम थांबवलं. चार महिनेसुद्धा नाही! ग्वांगचौ घ्या, मॅच फिक्सिंगमुळं खाली ढकललेला क्लब २०१० साली एव्हरग्रांड या बिल्डर कंपनीनं विकत घेतला, आठ वेळा लीग जिंकली, दोनदा आशिया जिंकलं, मग बिल्डरच कर्जात बुडाला, क्लब २०२२ ला खाली घसरला आणि जानेवारी २०२५ मध्ये बंद. बहुतेक क्लबांचा मालक बिल्डर किंवा कुठलीतरी कंपनी, आणि त्यांना फुटबॉलपेक्षा शहराच्या साहेबांशी ओळख आणि जमिनी हव्या असतात. जमिनीचा बाजार पडला की गोलकीपरचा पगार थांबतो.

काही क्लब मरत नाहीत तर चालू लागतात. रन्हअ नावाचा क्लब मूळ शांघायचा, तिथून शिआन, तिथून क्वेयांग, तिथून बीजिंग. खेळाडूंनी बायकापोरं कुठं ठेवायची? आमच्या लेफ्ट बॅकनं शेवटी बायकोला माहेरीच ठेवलं आणि स्वतः डॉर्मिटरीत राहिला. कोविडमध्ये तर घर-बाहेर हा फरकच गेला, लीग एक-दोन शहरांत गोळा करून हॉटेलात कोंडून खेळवल्या. त्याचा दुसरा क्लब त्याच सुमारास बुडाला.

मग केस करायची ना, असं तुम्ही म्हणाल. केली त्यानं. पण क्लबची नोंदणी रद्द झाली की असोसिएशनची लवाद समिती म्हणायची की हा आता आमचा सदस्यच नाही, आमचा अधिकार चालत नाही, आणि कामगार कोर्टात गेलं की बऱ्याचदा उत्तर मिळायचं, हा खेळातला वाद आहे, तिकडं जा. चेंडू या हाफमधून त्या हाफमध्ये. २०२३ मध्ये सुधारित क्रीडा कायदा लागू झाला आणि देशपातळीवर क्रीडा लवाद आयोग बसला, त्यामुळं दार तरी एक नक्की झालं. पण हुकूम मिळाला तरी वसूल कुणाकडून करणार, ऑफिसला कुलूप आणि मालक दुसऱ्याच धंद्यात.

अशा ठिकाणी, सहा-सहा महिने पगार नसलेल्या पोराला कुणी येऊन म्हणालं की उद्या जरा हळू खेळ, तर काय होणार? २०२४ च्या सप्टेंबरमध्ये ४३ जणांवर आजन्म बंदी आली, तपासात १२० मॅचेस आणि ४१ क्लब निघाले. वरचे बडे आधीच अडकलेले, असोसिएशनच्या माजी अध्यक्षाला जन्मठेप, राष्ट्रीय संघाचा माजी कोच ली थिए याला २० वर्षं. हा ली थिए २००२ च्या वर्ल्डकपमध्ये खेळलेला, इंग्लंडच्या एव्हर्टन क्लबला जाऊन आलेला. मी फिक्सिंगचं समर्थन करत नाहीये. पण खालच्या पोरावर बंदी घालताना त्याचा पगार कधी झाला होता हेही कुणीतरी विचारायला हवं होतं, असं मला वाटतं.

शिडी अजिबातच नाही असंही नाही हं. वू लेई, जो पुढं स्पेनला एस्पान्योलकडून खेळला, त्यानं २००६ मध्ये चौदाव्या वर्षी तिसऱ्या दर्जाच्या लीगमधूनच सुरुवात केली. शू गन्पाओ नावाच्या म्हाताऱ्या कोचनं शांघायजवळच्या छोंगमिंग बेटावर पोरं गोळा करून वाढवली, तीच टीम २००७ ला तिसरी लीग जिंकली, २०१२ ला दुसरी, आणि २०१३ पासून सुपर लीगमध्ये. पाच-सहा वर्षं तीच पोरं, तोच कोच. वूहानच्या 'थ्री टाउन्स'नं हाच प्रवास २०२०, २०२१, २०२२ अशा सलग तीन वर्षांत केला, यी, जिया, सुपर, तिन्ही विजेतेपदं, पण पैशाच्या जोरावर, आणि नंतर त्यांचीही चणचण सुरू झाली.

आपण हसायचं कारण नाही. महिंद्रा युनायटेड २०१० ला बंद, भारत एफसी एक सीझन खेळून गायब, मुंबई एफसी आणि डीएसके शिवाजियन्स २०१७ च्या सुमारास गेले, एफसी पुणे सिटी २०१९ ला. कोल्हापुरात तालमीच्या पोराला पगार मिळत नाही, पण तालीम पुढच्या वर्षी तिथंच असते, हे चिनी लोकांना सांगितलं की ते गप्प होतात.

म्हणजे तिकडचा बाप हिशेब करतो तो असा: होस्टेलचा खर्च दहा वर्षं, शिक्षण मागं पडणार, एकुलता एक पोरगा, आणि सगळं जमून आलं तर शेवटी ही नोकरी. मग तो पोराला गणिताच्या क्लासला घालतो. १४० कोटींतले १४० कोटी बाप असा हिशेब करत असतील तर अकरा कुठून यायचे? सरकारनं २०२१ मध्ये शाळेच्या विषयांच्या खासगी क्लासेसवर टाच आणली तेव्हापासून खेळाच्या क्लासेसना गर्दी वाढली, पण ती पोराला घाम यावा म्हणून, फुटबॉलर व्हावा म्हणून नाही. ही गर्दी आमच्या लेफ्ट बॅकचं सध्याचं पोटपाणी आहे. शनिवार-रविवार सहा वर्षांच्या पोरांना कोनमधून पळवतो, आया बाजूला बसून व्हिडिओ काढतात.

२०२५ मध्ये शेजारच्या जिआंगसू प्रांतात १३ शहरांची हौशी लीग झाली, खेळणारे बहुतेक नोकरदार आणि विद्यार्थी, थोडेच प्रोफेशनल, आणि नानचिंगला एका मॅचला साठ हजारांवर माणसं. मी त्याला विचारलं, वाईट वाटतं का रे, तू प्रोफेशनल असताना काहीशे आणि यांना साठ हजार? म्हणाला, वाईट कशाला, त्यांना सोमवारी ऑफिस आहे.

तो अजून खेळतो, तेही सांगतो. केचियाओतल्या डाइंगवाल्या मालकांच्या आपापल्या टीम आहेत, सात-सात जणांच्या, आणि हरणं त्यांना परवडत नाही, म्हणून प्रत्येकजण एखाददुसरा माजी प्रोफेशनल भाड्यानं आणतो. मॅच संपली की तिथंच वीचॅटवर पैसे. तो म्हणतो अख्ख्या करिअरमध्ये इतका वेळेवर पगार देणारा मालक मिळाला नाही, आणि आता मला विचारत असतो की तुमच्या इंडियन व्यापाऱ्यांची टीम का नाही काढत, लेफ्ट बॅक लागेलच ना.