विण्याचा पहारा

दिवे घाट चढताना कुणी तत्त्वज्ञान सांगायला लागलं तर सरळ टाळ जोरात वाजवावेत. पुणे ते सासवड हा माउलींच्या पालखीचा सगळ्यात लांब टप्पा, 30 किलोमीटरच्या आसपास. घाट येईपर्यंत पायांनी कुरकुर सुरू केलेली असते. पण आमच्या दिंडीचे विणेकरी बाबा नेमके त्याच चढावर बोलते झाले आणि त्यांच्या शेजारचा टाळकरी मी होतो.

चूक माझीच. मी विचारलं होतं, "माउली, रात्री विणा कुठं ठेवता?"

"तंबूत टांगतो. पण गावच्या सप्ताहात तेही चालत नाही बघा. सात दिवस विणा भुईला टेकत नाही. एकाचा पहारा संपला की दुसरा पाया पडून आपल्या गळ्यात घेतो." मग जरा दम खाऊन म्हणाले, "जाणीव पण तशीच असती."

त्यांचं म्हणणं असं. जाणीव आपल्या डोक्यात तयार होते हा आपला गैरसमज. डोकं कसलं, तो नुसता खांदा. जाणीव एकच आहे आणि ती या गळ्यातून त्या गळ्यात जाते. रात्री माणूस झोपतो म्हणजे त्याचा पहारा संपतो. विणा दुसरीकडं वाजत असतो. पहाटे कुणीतरी तो परत आपल्या गळ्यात अडकवतं, आणि आपण म्हणतो, मला जाग आली.

"आणि मेल्यावर?"

"विणा खाली ठेवत न्हाईत, एवढं म्हाईत आहे."

मी लगेच शंका काढली. आत्ता तुम्हीही जागे, मीही जागा. एक विणा दोन गळ्यांत कसा? बाबांनी वळून खाली दाखवलं. घाटाच्या वळणावळणानं पताका वर येत होत्या, प्रत्येक दिंडीत एक विणेकरी. "विणे लई. नाद किती?" ही पळवाट आहे असं मला तेव्हाही वाटलं, आजही वाटतं.

चांगदेवांना लिहिलेल्या 65 ओव्यांत माउलींनी पाहणारा, पाहिलं जाणारं आणि पाहणं ही तिन्ही एकाच ठायी मावळवली आहेत. तिथं देणारा नाही, घेणारा नाही. बाबांच्या मतात मात्र पहारेकरी उरतोच, खांदा दुखायचाही उरतो. एखाद्या जाणत्या कीर्तनकारानं त्यांना दोन मिनिटांत गप्प केलं असतं. मला ते जमलं नाही, आणि खरं सांगायचं तर जमवायचंही नव्हतं.

जेजुरी झाली, वाल्हे झालं, नीरेत पादुकांना स्नान झालं. लोणंद सोडल्यावर चांदोबाच्या लिंबाला पहिलं उभं रिंगण लागलं. दोन्ही घोडे धावत गेले, एकावर स्वार, दुसरा मोकळा. मोकळा तो माउलींचा. त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावायला माणसं तुटून पडली आणि बाबा माझ्या कानाशी म्हणाले, "त्याच्यावर कुणी दिसत न्हाई, म्हणून तो रिकामा का?"

त्याच संध्याकाळी तरडगावच्या तळावर समाजआरतीला उभा होतो. सगळ्या दिंड्यांचे टाळ-मृदंग एकदम चाललेले, शेजारच्याचं बोलणं ऐकू येईना. चोपदारांनी दंड वर केला आणि सगळं थांबलं. हळूहळू नव्हे, एकदम. त्या क्षणात मी ऐकत होतो की ऐकणं तेवढं उरलं होतं, हे मला नीट मांडता येत नाही. तेवढ्यात डावीकडून टाळ खणखणले. ज्या दिंडीची तक्रार असते ती अशी टाळ वाजवत राहते. चोपदार जाऊन ऐकून घेतात. बाबा खुदकन हसले. "जाणीव एक असू दे. तक्रार ज्याची त्याची!"

माझ्या शंकेला त्यांनी दिलेलं हे सगळ्यात प्रामाणिक उत्तर. त्यांनी ते उत्तर म्हणून दिलं नव्हतं, ही गोष्ट वेगळी.

दुसऱ्या दिवशी फलटणच्या वाटेवर बाबांना जरा बाजूला जायचं होतं. माझ्या गळ्यात माळ होती, म्हणून विणा माझ्याकडं आला. मी त्यांच्या पाया पडलो, ते माझ्या. वडिलांच्या वयाचा माणूस पायाशी वाकला की कसं होतं, ते ज्याच्यावर वेळ आली त्यालाच कळेल. मागून डोक्यावर तुळस घेतलेल्या एक मावशी आल्या, त्याही वाकल्या. मी पाय मागं घेतले. मग उमगलं, नमस्कार विण्याला होता, मी मध्ये उभा होतो इतकंच.

म्हटलं, आता बघूच. पट्टा मानेला घासतोय, हे कुणाला कळतंय? मावशींना पाहून लाजलं ते कोण? बाबांचा पहारा माझ्याकडं आला, तर माझा कुणाकडं गेला? चालता चालता मी आत आत शोधत राहिलो.

पुढच्या ओळीतला टाळकरी मागं वळून ओरडला, "अहो माउली, तार छेडा की! विणा बंद पडलाय."