तुम्ही विचारलंत म्हणून: एवढं होऊनही तोंडातलाच कॉल?

कॉल म्हणजे टर्की या रानपक्ष्याला बोलावण्यासाठी त्याच्या मादीची हाक काढायचं साधन. मी शिकारीला तोंडात धरायचा कॉल वापरते, आणि त्यावरून प्रश्न दोन तऱ्हांनी येतो. ज्यांनी इकडे न्यू यॉर्कमध्ये नुकताच शिकारीचा परवाना काढलाय ती आपली मराठी मंडळी विचारतात, "ताई, टर्कीसाठी कॉल कोणता घेऊ? खोका इतका सोपा असताना तुम्ही तोंडातलाच का वापरता?" आणि ज्यांच्या कानावर ती मे महिन्यातली हकिगत गेलीये ते विचारतात, "एवढं होऊनही तेच?" अकोल्याहून वहिनीचा फोन आला की तिसराही प्रश्न असतो, बाईमाणसाने हे कशाला म्हणून. त्याला उत्तर द्यायचं मी सोडून दिलंय. मंडळाच्या पिकनिकला कुणीतरी हमखास म्हणतो, "तुम्हाला काय अवघड, मादीचाच तर आवाज काढायचाय!" त्यालाही नाही.

पहिल्यांदा आवाजाचं. खोक्याचा आवाज वाईट असतो असं मी कधी म्हटलं असेन तर ते परत घेते. म्हटलंय, बऱ्याचदा म्हटलंय. "खोका म्हणजे खेळणं" हे माझंच वाक्य लोक मला ऐकवतात. लाकडी पेटीच्या कडेवर झाकण घासायचं, की मादीची हाक निघते. आर्कान्सामधल्या डार्डनेल गावच्या हेन्री गिब्सनने 1897 मध्ये असल्या खोक्याचं पेटंट घेतलं, आणि आजही कितीतरी जुने शिकारी दुसरं काही हातात धरत नाहीत. पाटी-काडीही तशीच, खरखरीत पाटीवर काडी फिरवली की टर्की बोलते. नवख्या माणसाला दोन्ही तासाभरात जमतात. तोंडातल्या कॉलला मला अख्खा हिवाळा लागला, आणि त्यातला बराचसा भाग ओकाऱ्या आवरण्यात गेला.

वस्तू अगदी साधी आहे. घोड्याच्या नालाच्या आकाराची ॲल्युमिनियमची चौकट, तिच्यावर ताणून बसवलेल्या लॅटेक्सच्या पातळ पट्ट्या, भोवती टेपची झालर. मोकळी बाजू दातांकडे करून ती जिभेने टाळूला दाबून धरायची आणि जीभ व पट्टी यांच्यामधून हवा सोडायची. गाल फुगवून फुंकायची नाही, पोटातून ढकलायची. जिभेचा दाब वाढवला की सूर चढतो, जबडा खाली सोडला की उतरतो. चढा सूर आणि लगेच उतरता, असे पाच-सहा तुकडे ओळीने आले की मादीची साधी हाक झाली. इकडे तिला येल्प म्हणतात. सुरुवातीला येल्प येत नाही. जत्रेतल्या फाटक्या पिपाणीसारखा चीं चीं आवाज येतो, आणि घरातली माणसं एकेक करून खोलीबाहेर जातात. मी गाडीत सराव करायचे, सतरा नंबरच्या रस्त्यावर, खिडक्या बंद करून.

निवडायचं म्हणाल, तर दुकानात भिंतभर पाकिटं लटकलेली असतात. त्यांच्यावरची चित्रं बघू नका, चौकटीचं माप बघा. माझा टाळू अरुंद. नेहमीच्या मापाचा कॉल मागे घशाला लागायचा आणि मला वाटायचं, हे आपल्याला जन्मात जमणार नाही. मुलांसाठी आणि बायकांसाठी लहान चौकटीचे कॉल मिळतात हे मला कुणी सांगितलंच नाही, कारण शिकवणारे सगळे रुंद टाळूचे पुरुष. झालर मोठी वाटली तर कात्रीने थोडी थोडी कापायची. बाजूने हवा निसटायला लागली, की समजायचं जास्त कापली गेली. पहिला कॉल दोन पट्ट्यांचा, फार काप नसलेला घ्या. तीन-चार पट्ट्या आणि वरच्या पट्टीला इंग्रजी व्ही अक्षरासारखा काप असला की आवाजात घोगरेपणा येतो, वयस्क मादीसारखा. ते नंतर. लॅटेक्सची ॲलर्जी असेल किंवा वरची कवळी असेल, तर हा नाद सोडा. वापरून झाल्यावर धुवा, पट्ट्या चिकटू नयेत म्हणून मध्ये दात कोरायची चपटी काडी सरकवा आणि डबीत घालून फ्रिजमध्ये ठेवा. कोथिंबिरीच्या डब्याशेजारी ठेवू नका, एवढं अनुभवाचं सांगते.

आता तोंडातलाच का. हातांसाठी.

टर्कीत निसर्गाचा नियम असा, की नर गॉबल करतो, म्हणजे गडगडत हाक देतो, पिसारा फुलवून उभा राहतो आणि मादी चालत त्याच्याकडे जाते. आपण बरोबर उलटं मागत असतो. म्हणून तो साठ-सत्तर यार्डांवर येऊन थबकतो आणि मादी दिसायची वाट बघतो. बंदूक चाळीस यार्डांच्या आतच चालवायची. ही मधली वीस-तीस यार्डंच खरी शिकार, आणि त्या वेळी तो आपल्याकडे टक लावून बघत असतो. टर्कीला वास फारसा येत नाही, पण नजर अशी की मांडीवरचं बोट हललं तरी पसार. खोक्याला दोन हात लागतात. पाटीलाही. तोंडात कॉल असला तर बंदूक गुडघ्यावर टेकलेली, गाल दस्त्यावर, दोन्ही हात जागच्या जागी, आणि तरी मादीचं एक हलकं क्लक, एक पर्र करता येतं. तेवढ्यावर तो पुढे येतो. फसवणूक आहे का? आहे. ती नाकारून मी कुणाशी वाद घालणार नाही.

आता ती सकाळ.

शेनँगो काउंटीतलं सरकारी जंगल, मे महिन्याचा मध्य. न्यू यॉर्कमध्ये वसंतातला हंगाम 1 ते 31 मे, सूर्योदयाच्या अर्धा तास आधीपासून दुपारी बारापर्यंत, आणि फक्त दाढीवाला पक्षी. दाढी म्हणजे छातीवरचा केसांसारख्या पिसांचा झुबका. मी ओकच्या बुंध्याला पाठ लावून बसले होते. बुंधा आपल्या खांद्यांपेक्षा रुंद हवा, म्हणजे मागून कुणी गोळी झाडली तर झाड मध्ये असतं. हे सगळं परवान्याच्या कोर्समध्ये शिकवतात आणि मी ते पाळते. समोर पडकी दगडी भिंत, तिच्यापलीकडे उतार. नराने झाडावरूनच उत्तर दिलं, खाली उतरला, भिंतीपलीकडे फिरत राहिला. मी येल्प केलं की गॉबल, क्लक केलं की गॉबल. मग एकदम गप्प. गप्प झाला म्हणजे बहुधा निघाला. मी बंदूक गुडघ्यावर घेतली.

वाळक्या पानांत पावलं वाजली. टर्कीची चाल माणसासारखीच वाजते, दोन पायांची, थांबत थांबत. मी नळी त्या बाजूला वळवली नव्हती, कारण डोकं दिसल्याशिवाय वळवायची नाही. भिंतीच्या डाव्या टोकाशी काहीतरी हललं. टोपी. मग नळी. कुणीतरी गुडघ्यांवर सरकत येत होतं, माझ्या आवाजावर.

अशा वेळी काय करायचं तेही शिकवतात. उठायचं नाही, हात हलवायचा नाही, टर्कीचा आवाज काढायचा नाही. माणसाच्या आवाजात, मोठ्याने बोलायचं. मी ओरडले. निदान ओरडायला गेले. पण तोंडात कॉल होता, आणि पोटातून जोरात आलेली हवा त्या पट्ट्यांवरूनच बाहेर पडली. माझ्या तोंडातून खणखणीत, तुटक, चढा आवाज निघाला: चिडलेल्या मादीचा. या आवाजाला कट म्हणतात, आणि इतका स्वच्छ कट मला सरावात कधी जमला नव्हता.

त्याने बंदूक खांद्याला लावली.

भीतीने तोंडाला कोरड पडते हे पुस्तकात वाचलेलं असतं. कोरड पडली की ओली टेप टाळूला किती घट्ट बसते हे कुठे लिहिलेलं नसतं. जिभेचं टोक कडेखाली घालून मी ती खरवडत होते आणि ती सुटत नव्हती. हात बंदुकीवर, हलवले तर त्याला हालचाल दिसेल. शेवटी कॉल सुटला, आणि थुंकले तर चेहरा लपवायला घातलेल्या जाळीत अडकला. मग मी ओरडले ते "अहो! थांबा!" असं. न्यू यॉर्कच्या जंगलात एका गोऱ्या म्हाताऱ्याला "अहो". पण माणसाचा आवाज होता. त्याने नळी खाली केली.

तो माझ्यापेक्षा जास्त थरथरत होता. भिंतीवर बसून पुन्हा पुन्हा माफी मागत राहिला. त्याला वाटलं होतं, नर माझ्या, म्हणजे मादीच्या, शेजारीच असणार. मग जरा सावरल्यावर म्हणाला, इतकी खरी मादी मी आयुष्यात ऐकली नाही. कौतुकाने म्हणाला, आणि मला ते कौतुक आजही पोटात ढवळतं. लहानपणी अकोल्याच्या बाजारात एक फासेपारधी तितराचा आवाज काढून दाखवायचा, तोंडात काहीही न घेता, आणि लोक असंच "वा" म्हणायचे. तेच लोक संध्याकाळी, पारधी वस्तीवरून कुणी येईल म्हणून, दाराला दुहेरी कड्या लावायचे. इंग्रजांच्या कायद्याखाली पारध्यांवर गुन्हेगार जमातीचा शिक्का बसला, 1952 मध्ये तो कागदावरून गेला. 1972 च्या वन्यजीव कायद्याने त्यांचा उरलासुरला धंदाही गेला. माझं ते कसब, त्यांचा तो गुन्हा. वहिनीला हे एकदा सांगितलं तर म्हणाली, "तुझं काहीतरीच."

मी बंदूक रिकामी केली आणि गाडीपर्यंत चालत गेले. कॉल जाळीतच राहिला. कपडे धुताना नवऱ्याला मिळाला. त्याने तो ओट्यावर ठेवला आणि दिवसभर त्याविषयी एक शब्द काढला नाही. तो बोलला असता तर बरं झालं असतं.

तेव्हा हो, एवढं होऊनही. तुमचं म्हणणं मला कळतं: खोका असता तर तोंड मोकळं असतं. खरंय. पण खोका असता तर माझे दोन्ही हात छातीपुढे हलत असते, आणि जो माणूस आवाजावर सरकत येतोय त्याला हालचालच हवी असते. शेजारच्या पेनसिल्वेनियात वसंतात टर्कीवर असं दबकत चालून जायला कायद्यानेच मनाई आहे. तिथे फक्त बोलावून शिकार करायची. चूक सरकत येणाऱ्याची, कॉलची नाही. हे मी मंडळात, घरी, फोनवर, सगळीकडे पटवून सांगितलंय. रात्री झोप लागत नाही तेव्हा मात्र ते मला स्वतःला तितकंसं पटत नाही. कारण त्याने काय केलं हा एक भाग. मला हाक मारता आली नाही हा दुसरा, आणि तो कॉलमुळेच.

आता मी बसते त्या झाडाला नारिंगी पट्टा बांधते. लाल, पांढरं, निळं काही अंगावर नसतं, रुमालसुद्धा नाही, कारण नराच्या डोक्याचे तेच रंग. पिशवीत खोका असतो, झाकणाला रबर लावून, नाहीतर चालताना आपोआप बोलतो. लांबून हाका मारायच्या तेव्हा खोका, नर जवळ आला की तोंडातला, असं ठरवलंय. आणि नर उत्तर द्यायला लागला की ठरवलेलं राहत नाही, पहिल्यापासूनच तोंडातला सुरू होतो. दुसरं म्हणजे, कॉल जिभेने झटकन गालात सरकवायचा सराव. स्वयंपाक करताना करते: कॉल टाळूला, दोन येल्प, गालात, आणि मोठ्याने "थांबा". घरातले दचकत नाहीत आता. ओल्या तोंडाने जमतं. कोरड्या तोंडाने जमेल का, ते ओट्यापाशी उभं राहून कळत नाही.

तुम्हाला काय सांगू? दोन पट्ट्यांचा, लहान चौकटीचा घ्या, आणि खोकाही घ्या. दोन्ही मिळून फार पैसे जात नाहीत. हंगामात माझ्याबरोबर यायचं असेल तर एप्रिलमध्ये एकदा घरी या. कॉल तोंडात ठेवून चार येल्प करा, मी मध्येच टाळी वाजवेन, त्या क्षणी मोठ्याने "थांबा" म्हणून दाखवा. शब्द मला नीट ऐकू आला पाहिजे. तोवर खोकाच वापरा. मीही तुमच्यासमोर करून दाखवेन, पण त्याआधी अर्धा तास पाणी न पिता.