एंटरप्राइज आली होती, हे मलाही माहीत आहे

"परक्यांच्या विमानवाहू नौकांबरोबर सराव करून आपली गुपितं त्यांना कळत नाहीत का?" रंकाळ्यावर फिरताना, लग्नाच्या पंगतीत, एसटीत, सगळीकडं हाच प्रश्न. ऑक्टोबर 2025 मध्ये आपली विक्रांत आणि ब्रिटिशांची प्रिन्स ऑफ वेल्स यांनी एकत्र सराव केला, तेव्हापासून जास्तच. तुम्ही विचारलंत म्हणून एकदा लिहितो.

युद्धात वापरायचे सांकेतिक संदेश सरावात कुणी उघडत नाही. फ्रिक्वेन्सी ठरलेल्या, वेळ ठरलेली. एका बाजूची विमानं हल्ला करतात, दुसरी बाजू अडवते, हेलिकॉप्टरं एकमेकांच्या डेकवर उतरतात. पण शेजारून जाणाऱ्या जहाजाचा आवाज समोरचा टिपून ठेवतोच. आपणही ठेवतो. हे मी कशाला नाकारू?

खरा प्रश्न मला आबांनी विचारला होता. सप्टेंबर 2007 मध्ये बंगालच्या उपसागरात मलबार सराव झाला. अमेरिकेच्या निमिट्झ आणि किटी हॉक, आपली विराट या विमानवाहू नौका, शिवाय जपान, ऑस्ट्रेलिया, सिंगापूरची जहाजं. मी विराटच्या डेकवर हँडलर होतो, म्हणजे विमानं जागेवर हलवणारा. सुट्टीवर आलो आणि जेवताना सांगत सुटलो. निमिट्झ लाखभर टनांची, वाफेच्या कॅटापल्टवरून, म्हणजे विमानाला झटक्यात पुढं फेकणाऱ्या यंत्रावरून, विमानामागून विमान सोडायची. आमची विराट तिच्या एक तृतीयांशही नव्हती, आमची सी हॅरिअर विमानं स्की-जंपवरून, म्हणजे डेकच्या टोकाच्या चढावरून उडायची.

आबांचा घास हातातच राहिला. ते मराठा लाइट इन्फंट्रीतले, डिसेंबर 1971 मध्ये जमालपूरला लढलेले.

"त्याच पाण्यात?" ते म्हणाले. "आम्ही ढाक्याच्या वाटेवर होतो तेव्हा अमेरिकेच्या निक्सननं त्यांची विमानवाहू एंटरप्राइज त्याच पाण्यात धाडली होती. कुणावर? आमच्यावरच की."

"आबा, तालमीत ज्याच्याबरोबर रोज लढत करतो, त्याच्याशीच उद्या खासबागेत कुस्ती लागते. त्याचा डाव आधी कळलेला बरा."

"तालमीतला गडी माझ्या घरावर चालून आला नव्हता. त्यांच्यापैकी कुणी तुमच्यापुढं एकाहत्तरचं नाव तरी काढलं का रं?"

नव्हतं काढलं. आम्हीही काढलं नव्हतं. आबा ताटावरून उठले. मी परत ड्यूटीवर जाईपर्यंत त्यांनी नौदलाचा विषय काढला नाही. निघताना पाया पडलो, तेव्हा डोक्यावर हात ठेवला, बोलले मात्र काही नाहीत.

तेव्हा मी म्हणायचो, जुनं उगाळून नौदल चालत नाही. आजही म्हणतो. हिंदी महासागरात एकट्यानं सगळीकडं नजर ठेवणं आपल्याला परवडणारं नाही, आणि अनोळखी नौदलाशी पहिल्यांदा बोलायची वेळ ऐन लढाईत येऊ नये. पण तेव्हा मी 'डाव शिकतो' म्हणालो होतो, ते आज मला पुरेसं वाटत नाही. निमिट्झचं कॅटापल्ट पाहून विराटवर काय बदलणार होतं? समोरच्याचा वेग आणि शिस्त कळते, एवढं नक्की.

सराव बंद करा, असं मी म्हणणार नाही. उद्या बोलावलं तर डेकवर उभा राहीन. आबा चुकत होते, असंही मात्र माझ्याकडून वदवून घेऊ नका.