पासपोर्ट जप्तीची नोटीस: काय लिहिलं, काय जोडलं

मी कुवेतला, रत्नागिरीजवळचं गावचं घर बंद. पासपोर्टवर पत्ता मात्र गावचाच, म्हणून पासपोर्ट कार्यालयाची ‘पासपोर्ट जप्त का करू नये’ अशी ‘कारणे दाखवा’ नोटीस तिथेच आली. शेजारच्या काकीने सही करून घेऊन ठेवली. गणपतीला सुट्टीवर आलो तेव्हा उत्तराच्या पंधरा दिवसांतले अकरा संपले होते.

पाकीट फेकू नका. त्यावरचा स्पीड पोस्टचा नंबर पोस्टाच्या साइटवर टाकला की ते कधी दिलं गेलं ते दिसतं. त्याची प्रिंट जोडून त्याच दिवशी ईमेलने आणि स्पीड पोस्टने पासपोर्ट कार्यालयाला एकच पत्र पाठवलं. त्यात तीन मागण्या होत्या: मुदतवाढ, ज्या पोलीस अहवालावरून नोटीस निघाली त्याची प्रत, आणि प्रत्यक्ष सुनावणी. फोनवर कोणी “चालेल, या सावकाश” म्हणालं तर त्यावर विसंबू नका.

मग नोटिशीतलं कलम पाहायचं. पासपोर्ट कायदा 1967, कलम 10(3) मध्ये जप्तीची कारणं ‘ए’ ते ‘एच’ अशी दिली आहेत. माझ्या नोटिशीत दोन होती: ‘बी’, म्हणजे माहिती दडवून पासपोर्ट घेतला, आणि ‘ई’, म्हणजे फौजदारी कोर्टात खटला प्रलंबित. दोन्हींचं उत्तर एकाच परिच्छेदात कोंबलं की दोन्ही बिघडतात.

‘बी’ ला नुसत्या तारखा पुरल्या. पासपोर्ट 2019 चा, बांधावरच्या भांडणाची फिर्याद 2021 ची, दोषारोपपत्र 2022 चं. फॉर्म भरताना दडवायला काही नव्हतंच. पुरावा म्हणून दोषारोपपत्राची सही-शिक्क्याची नक्कल लागते. ती लगेच हातात पडत नाही, म्हणून नक्कल अर्ज पहिल्याच दिवशी टाका. तोवर सोळा अक्षरी सीएनआर नंबरवर (प्रत्येक केसचा स्वतंत्र ओळख क्रमांक) ई-कोर्ट्स या कोर्टांच्या साइटवरून निघणारं केसचं पान जोडा. नुसती एफआयआर असेल तर खटला प्रलंबित धरत नाहीत, कोर्टाने दखल घ्यावी लागते. परराष्ट्र मंत्रालयानेच ऑक्टोबर 2019 च्या परिपत्रकात तसं म्हटलंय.

‘ई’ नाकारता येत नाही, खटला आहेच. पण कायदा पासपोर्ट जप्त ‘करू शकेल’ म्हणतो, ‘केलाच पाहिजे’ म्हणत नाही. सगळा जोर तिथे लावायचा. प्रत्येक तारखेला मी किंवा वकील हजर होतो हे दाखवणारा रोजनामा (कोर्टातली तारीखवार नोंद), दर वेळी परत आल्याचे इमिग्रेशनचे शिक्के, नोकरीचा करार, आणि सगळ्यात वजनदार म्हणजे परदेशी जाण्यासाठी कोर्टाची परवानगी. परवानगीच्या अर्जात मुदत स्पष्ट मागायला वकिलाला सांगा. 25 ऑगस्ट 1993 च्या अधिसूचनेनुसार, खटला चालू असताना नवा पासपोर्ट घ्यायची वेळ आली आणि कोर्टाने मुदत लिहिली नसेल, तर तो एकच वर्षाचा मिळतो. हे एक वाक्य राहिलं म्हणून पुन्हा कोर्टात जावं लागलेले लोक खाडीपट्ट्यात बरेच भेटतील.

पोलीस ठाण्यातून “पासपोर्ट आणून जमा कर” असा निरोप आला तर लेखी मागा. सुरेश नंदा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2008 साली फरक केला: पोलीस तपासासाठी पासपोर्ट ताब्यात घेऊ शकतात, पण तो अडकवून ठेवायचा अधिकार पासपोर्ट अधिकाऱ्याचाच. घेतलाच तर पंचनाम्याची प्रत घ्या.

सुनावणी ही मेहेरबानी नाही. मेनका गांधींचा पासपोर्ट जुलै 1977 मध्ये ‘सार्वजनिक हितासाठी’ एवढंच सांगून काढून घेतला. सर्वोच्च न्यायालयाच्या 25 जानेवारी 1978 च्या निकालानंतर बाजू ऐकून घेणं बंधनकारक ठरलं. सुनावणीला जाताना उत्तराच्या दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का मारून घ्या. माझी सुनावणी दहा मिनिटांत आटोपली. अधिकाऱ्यांनी तारखांचा तक्ता आणि रोजनामा एवढंच पाहिलं.

आदेश विरुद्ध गेला तर कारणांची प्रत मागा. कलम 10(5) प्रमाणे ती द्यावी लागते. देशाची सुरक्षितता वगैरे कारण असेल तरच नाकारता येते. अपील कलम 11 खाली, आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत. माझ्यावर ती वेळ आली नाही. तरी काकीला सांगून ठेवलं होतं, पाकीट आलं की ती तारीख कालनिर्णयवर लिहायची.